उचलीचा हिशेब आणि आमची समीक्षा

२०२० च्या जानेवारीत, १० ते १२ या तारखांना, ९३ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन उस्मानाबाद येथे भरले. फादर फ्रान्सिस दिब्रिटो अध्यक्ष होते आणि संमेलननगरीला तेरच्या संत गोरोबाकाकांचे नाव दिलेले होते. आज धाराशिव या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या जिल्ह्याला तो मान मिळाला याचा आनंद आम्हालाही झाला होता. परंतु जानेवारी हा ऊसतोडीचा ऐन हंगामाचा महिना असतो. कळंब, वाशी, भूम, परंडा या तालुक्यांतील कितीतरी कुटुंबे त्या तीन दिवसांत सोलापूर, सांगली, कोल्हापूर, साताऱ्याच्या आणि कर्नाटकाच्या फडांवर होती. जिल्ह्याच्या साहित्याचा उत्सव जिल्ह्यातील माणसांच्या एका मोठ्या गटाच्या गैरहजेरीत पार पडला. संमेलनाच्या तारखा उसाच्या तोडीवरून ठरत नाहीत, त्यामुळे आयोजकांना दोष देण्याचे कारण नाही. आमचा आक्षेप वेगळा आहे. ही गैरहजेरी आम्हा वाचणाऱ्या-शिकवणाऱ्यांना गैरहजेरी म्हणून जाणवलीच नाही. ऊसतोड मजूर आमच्या लेखी ‘ग्रामीण वास्तव’ या सदरात आधीच जमा झालेला होता.

त्यानंतर सुमारे साडेतीन वर्षांनी, २०२३ च्या जूनमध्ये, याच जिल्ह्यातील ढोकी पोलीस ठाण्याच्या हद्दीतून एक बातमी आली. ढोकी आणि वाखरवाडी परिसरात विहिरी खोदण्यासाठी आणलेल्या ११ मजुरांची पोलिसांनी सुटका केली. रात्री पळून जाऊ नयेत म्हणून त्यांना साखळ्यांनी बांधून ठेवले जात होते. त्यांच्यापैकी एक जण निसटला, हिंगोली जिल्ह्यातील आपल्या गावी पोचला आणि तेथील पोलिसांना त्याने हकीकत सांगितली, तेव्हा बाकीचे सुटले. ढोकी हे तेरणा साखर कारखान्याचे गाव. गोरोबाकाकांचे तेर त्याच तालुक्यात. त्या आठवड्यात सर्वांच्या तोंडी ‘गुलामगिरी’ हा शब्द होता आणि तो अर्थातच योग्य होता. मात्र तो शब्द उच्चारला गेला तो साखळीमुळे. साखळी नसती, विहिरीवरची माणसे केवळ घेतलेल्या पैशापोटी बांधलेली असती, तर त्याच घटनेला कोणी गुलामगिरी म्हटले असते काय, हा आमचा प्रश्न आहे.

आमच्या समीक्षेलाही हीच सवय आहे. गुलामी ती साखळी, चाबूक आणि लिलावाचा बाजार यांवरून ओळखते. या गोष्टी दिसल्या नाहीत तर ‘शोषण’, ‘दारिद्र्य’, ‘भोग’, ‘विदारक वास्तव’ असे शब्द वापरून मोकळी होते. प्रस्तुत लेखात आम्हाला एवढेच मांडायचे आहे की सक्तीच्या श्रमाची खरी खूण हिशेबाच्या वहीत असते, आणि ज्या पुस्तकांतून ती वही दिसते ती पुस्तके वहीसकट वाचण्याचे शिक्षण मराठी साहित्याच्या अभ्यासाने दिलेले नाही.

१

महात्मा फुल्यांनी १८७३ मध्ये आपल्या पुस्तकाला ‘गुलामगिरी’ हे नाव दिले आणि ते अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या दास्यमुक्तीसाठी झटणाऱ्या लोकांना अर्पण केले. हे पुस्तक महाविद्यालयांतून शिकवले जाते. जोतीराव आणि धोंडीबा यांच्या संवादाचे स्वरूप, अवतारकथांचे उलटे वाचन, ब्राह्मणी वर्चस्वाची चिकित्सा, हे सगळे त्यात येते आणि ते यायलाच हवे. परंतु शीर्षकातील शब्दापाशी आलो की आम्ही त्याला रूपक म्हणतो. शूद्रातिशूद्रांची अवस्था गुलामांसारखी होती, असे सांगून पुढे जातो. फुल्यांनी ‘सारखी’ हा शब्द शीर्षकात घातलेला नाही. अमेरिकेतील दास्य आणि येथील दास्य ही तुलनेला पात्र अशी दोन वास्तवे आहेत, असा त्यांचा दावा होता. दहा वर्षांनी, १८८३ मध्ये लिहून झालेल्या ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये तेच फुले शेतसारा, कर्ज, कोर्टकचेरी आणि कामगारांची लाचखोरी यांचा माग काढत जातात. ही दोन पुस्तके एकमेकांशेजारी ठेवली की शब्द आणि हिशेब फुल्यांपाशी एकत्र होते हे दिसते. आम्ही त्यांची ताटातूट केली. ‘गुलामगिरी’ वैचारिक साहित्यात गेले, ‘असूड’ शेतकऱ्यांच्या प्रश्नाकडे गेले.

ही ताटातूट झाल्यानंतर गुलामगिरी हा शब्द स्वस्त होत गेला. विचारांची गुलामगिरी, रूढींची गुलामगिरी, इंग्रजीची गुलामगिरी, मानसिक गुलामगिरी असे विषय आपल्या चर्चासत्रांतून येत राहिले. एका माणसाचे पुढील सहा महिन्यांचे श्रम आज दुसऱ्याच्या वहीत लिहिले जातात, हा या शब्दाचा सरळ अर्थ मात्र या चर्चांतून बाहेर पडला.

आपल्या राज्यघटनेने तो बाहेर टाकलेला नाही. अनुच्छेद २३ मध्ये माणसांच्या व्यापाराबरोबर ‘बिगार’ आणि तत्सम सक्तीचे श्रम यांना मनाई आहे. घटनेच्या इंग्रजी मसुद्यातही हा देशी शब्दच घालावा लागला, कारण त्यामागची प्रथा येथील होती. १९७६ च्या वेठबिगार पद्धती (निर्मूलन) अधिनियमात करार गृहीत धरावा अशा वेठीच्या प्रकारांची एक यादी आहे. तीत बारमासिया, भगेला, हाली, कमिया, जीता, पालेरू, सागडी, वेट्टी अशी देशभरातील नावे ओळीने येतात. भाषेच्या अभ्यासकाला ही यादी मोहात पाडील. त्या यादीत सालगडी नाही आणि उचलही नाही. मात्र याच कायद्याने व्याख्येत चार परिणाम सांगितले आहेत. आगाऊ घेतलेल्या रकमेच्या बदल्यात माणसाला नाममात्र मजुरीवर किंवा मजुरीविना राबावे लागले. दुसरे काम धरण्याचे स्वातंत्र्य गेले. मनास येईल तेथे जाण्याचे स्वातंत्र्य गेले. किंवा आपला माल वा श्रम बाजारभावाने विकण्याचा हक्क गेला, तर ती वेठबिगारी होय. यांत साखळीचा उल्लेख कोठेही नाही. कायद्याचा मसुदा करणाऱ्यांना जे कळले होते ते साहित्याच्या अभ्यासकांना कळू नये, ही लाजिरवाणी गोष्ट आहे.

२

आता उचलीकडे येऊ. पावसाळ्याच्या अखेरीस मुकादम गावात येतो आणि नवरा-बायकोच्या जोडीला हंगामाच्या बोलीवर आगाऊ रक्कम देतो. या रकमेला उचल म्हणतात आणि जोडीला कोयता. एका हत्याराच्या नावाने दोन माणसे मोजली जातात. अलंकार शिकवताना आम्ही लक्षणेची उदाहरणे शोधत असतो. हे उदाहरण आमच्या जिल्ह्यात दर दिवाळीच्या सुमारास ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बसून आमच्यासमोरून जाते. एकटा माणूस गेला तर तो ‘अर्धा कोयता’. बाईच्या श्रमाला या भाषेत स्वतंत्र नाव नाही आणि वहीत स्वतंत्र ओळही नाही.

२०२४ च्या जानेवारीत झालेल्या करारात तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ झाली आणि दर टनाला सुमारे ३६६ रुपयांवर गेला. एक कोयता दिवसाला दोन टन ऊस तोडतो, मोळ्या बांधतो आणि गाडीत भरतो असे धरू. दोघांची मिळून दिवसाची कमाई ७३२ रुपये झाली. एक लाख रुपये उचल घेतलेली असेल तर ती फिटण्यास १३७ दिवस लागतात. म्हणजे साडेचार महिने, एकही खाडा न करता. चांगला हंगाम असला तर तो एवढा चालतो. पाऊस कमी पडला की कारखान्यांची धुराडी त्याआधीच थंडावतात. या अवधीत पोटाला लागणारी खर्ची आठवड्याला किंवा पंधरवड्याला घ्यावी लागते आणि तीही उचलीत मिळवली जाते. वाढे विकून थोडे पैसे सुटतात हे खरे. परंतु आजारपण आले, गाडी उशिरा आली, ऊस पडलेला निघाला, की वहीत बाकी राहते आणि ही बाकी पुढच्या वर्षीची पहिली ओळ बनते. पुढच्या वर्षी कोणत्या मुकादमाबरोबर जायचे हे त्या ओळीने ठरलेले असते.

बाकीची भीती शरीरापर्यंत कशी पोचते ते शेजारच्या बीड जिल्ह्याने २०१९ मध्ये दाखवले. राज्य शासनाने नेमलेल्या समितीपुढे आलेल्या पाहणीत ८२,३०९ ऊसतोड स्त्रियांपैकी १३,८६१ जणींची गर्भाशये काढली गेली असल्याचे आढळले. या शस्त्रक्रियांची कारणे अनेक आहेत. त्यांत खासगी दवाखान्यांचा लोभ आहे, कर्करोगाची घातलेली भीती आहे, लहान वयात झालेली लग्ने आणि बाळंतपणे आहेत. पण पाळीच्या दिवसांत काम चुकले की खाडा पडतो आणि खाड्याचा दंड होतो, हे कारण त्या स्त्रियांनीच पुन्हा पुन्हा सांगितले आहे. ही घटना करुण आहे असे म्हणून थांबणारा वाचक तिच्यातील दंडाची ओळ वाचत नाही.

आणि हा विषय स्थानिक आहे म्हणून लहान, असेही मानण्याचे कारण नाही. साखर आणि दास्य यांचा संबंध जागतिक आहे. कॅरिबियन बेटांवरील उसाचे मळे आफ्रिकी गुलामांच्या श्रमांवर उभे राहिले. सिडनी मिंट्झ यांच्या १९८५ च्या ‘स्वीटनेस अँड पॉवर’ या ग्रंथात तो इतिहास आहे. ब्रिटिश साम्राज्यात गुलामी कायद्याने संपली आणि १८३४ पासून त्याच मळ्यांसाठी हिंदी मजूर करारावर नेले जाऊ लागले. ‘अ‍ॅग्रीमेंट’चे गिरमिट झाले. मॉरिशसच्या उसात मराठी माणसेही होती. अमेरिकेत १८६५ नंतर मुक्त झालेल्या माणसांना दक्षिणेतील जमीनदारांनी कर्जाच्या मार्गाने पुन्हा जमिनीशी बांधले. साखळी तुटली की वही पुढे येते, हा अनुभव जगभराचा आहे. फुल्यांनी आपले पुस्तक लिहिले तेव्हा अमेरिकेत हे दुसरे पर्व सुरूही झाले होते.

३

या विषयावर पुस्तकेच नाहीत, अशी तक्रार आम्ही करणार नाही. पुस्तके आहेत, वाचन नाही.

गोदावरी परुळेकरांचे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ घ्यावे. १९४५ मध्ये ठाणे जिल्ह्यातील वारल्यांनी वेठीविरुद्ध केलेल्या उठावाची ही हकीकत. १९७० मध्ये ती प्रसिद्ध झाली आणि तिला साहित्य अकादमीचे पारितोषिकही लाभले. या पुस्तकात ‘लग्नगडी’ आहेत. लग्नासाठी सावकाराकडून थोडे पैसे घेतले म्हणून नवरा आणि त्याची नवी बायको दोघेही सावकाराच्या घरी वर्षानुवर्षे राबतात आणि कर्ज फिटत नाही. आमच्या जिल्ह्यातील वाचकाने हे वाचताना ‘कोयता’ आठवून दचकायला हवे. जोडीने बांधले जाणे, लग्नाच्या खर्चासाठी घेतलेली रक्कम, फिटल्याचा हिशेब कधीच न दाखवणारी वही, हे सारे येथे आहे. किंबहुना आज आमच्याकडे कोयता जुळावा म्हणून पोरीचे लग्न लवकर लावले जाते, म्हणजे कर्जासाठी लग्न असा उलटा प्रवासही झाला आहे. पण हे पुस्तक आम्ही कोणत्या कप्प्यात ठेवले? आत्मपर लेखन, चळवळीचे साहित्य, स्त्रियांचे लेखन. तिन्ही कप्पे बरोबर आहेत आणि तिन्हींत लग्नगड्याचे कर्ज हा परीक्षेचा प्रश्न होत नाही.

लक्ष्मण गायकवाडांचे ‘उचल्या’ हे तर याच मातीतले पुस्तक. लेखकाचे धनेगाव आज लातूर जिल्ह्यात असले तरी १९८२ पर्यंत लातूर हा उस्मानाबाद जिल्ह्याचाच भाग होता. या आत्मकथनाची चर्चा जमातीवर मारलेला गुन्हेगारीचा शिक्का, पोलिसांचा ससेमिरा, चोरीचे शिक्षण यांभोवती फिरते, आणि लातूरच्या सूतगिरणीतील कामगार म्हणून आलेले अनुभव उपकथानकासारखे मागे पडतात. वास्तविक ज्याला चोर ठरवले गेले तो मजूर म्हणून कोणत्या अटींवर स्वीकारला जातो, हा त्या पुस्तकातील तितकाच मोठा प्रश्न आहे. दया पवारांच्या ‘बलुतं’चेही असेच झाले. नावातच एक देण्याघेण्याची व्यवस्था असलेल्या या पुस्तकावरील चर्चा भाषेच्या धगीवर आणि निवेदकाच्या दुभंगावर जितकी झाली, तितकी गावकीच्या कामांची आणि त्यांच्या मोबदल्याची झाली नाही.

हिशेब वाचणे म्हणजे साहित्य सोडून अर्थशास्त्र वाचणे, असा आक्षेप येथे कोणी घेईल. त्याला उत्तर म्हणून प्रेमचंदांची ‘सवा सेर गेहूँ’ ही कथा पाहावी. दाराशी आलेल्या साधूसाठी शंकर हा शेतकरी विप्र महाराजांकडून सव्वा शेर गहू उसना घेतो. फेडला अशी त्याची समजूत असते. सात वर्षांनी तो गहू साडेपाच मण होऊन समोर येतो, त्याचे रुपये होतात, रुपयांवर व्याज चढते, शंकर वीस वर्षे राबून मरतो आणि मग त्याच्या मुलाची मान धरली जाते. या कथेतून आकडे काढून टाकले तर काय उरते? पात्रे उरत नाहीत, कथानक उरत नाही, उपरोधही उरत नाही. व्याजाची वाढ हीच त्या कथेची रचना आहे.

फ्रेडरिक डग्लसचे १८४५ चे आत्मकथनही असेच वाचता येते. चाबकाचे प्रसंग त्यात आहेत आणि ते उद्धृतही होतात. पण बाल्टिमोरच्या गोदीत तो दिवसाला दीड डॉलर मिळवतो आणि दर शनिवारी सगळे पैसे मालकाच्या हातावर ठेवतो, त्या भागात त्याची गुलामी आम्हाला सर्वांत स्पष्ट दिसते. सहा डॉलर आणून दिले की मालक कधी कधी सहा सेंट बक्षीस देतो. डग्लस त्यावर म्हणतो ते असे की, या सहा सेंटांतून आपला सगळ्या रकमेवरचा हक्क मालकाने जणू मान्यच केला. चाबूक न उगारता, रक्त न सांडता, एका हिशेबातून संपूर्ण संस्थेचा पाया उघडा पडतो. हा लेखनाचा गुण आहे आणि तो सौंदर्यशास्त्रातच मोजला पाहिजे.

४

बालमजुरीच्या बाबतीत आमची चूक अधिक गंभीर आहे, कारण तेथे आम्ही केवळ दुर्लक्ष करीत नाही, आम्ही गौरव करतो.

मराठी आत्मकथनांतून राबणारी मुले पदोपदी भेटतात. गुरे राखणारी, दगड फोडणारी, हॉटेलात कपबश्या विसळणारी, सुट्टीत रोजगार हमीच्या कामावर जाणारी. पुस्तक संपते तेव्हा हे मूल प्राध्यापक, अधिकारी किंवा लेखक झालेले असते. मग आम्ही त्या श्रमांना ‘जिद्द’ म्हणतो, ‘परिस्थितीवर मात’ म्हणतो, ‘कष्टाचे संस्कार’ म्हणतो आणि तो उतारा पाठ्यपुस्तकासाठी निवडतो. लेखकांना याचा दोष देता येत नाही. त्यांनी बहुतेक वेळा जे घडले ते कडवटपणेच सांगितले आहे. दोष वाचनाचा आहे. जे मूल सुटले तेच पुढे लिहू शकले. त्याच बांधावर, त्याच हॉटेलात, त्याच फडावर राहून गेलेल्यांचे आत्मकथन कोणी लिहिले नाही. सुटलेल्याच्या चरित्रावरून कामाचे मूल्यमापन करणे म्हणजे वाचलेल्या एका माणसाकडे बोट दाखवून नदीला उतार आहे असे सांगणे होय.

कळंब तालुक्यातील हासेगावचे भास्कर चंदनशिव यांची ‘लाल चिखल’ ही कथा क्रमिक पुस्तकातून पिढ्यांनी वाचली. टोमॅटोचे भाव कोसळतात आणि बाप भर बाजारात आपलाच माल पायांखाली तुडवतो. शेतकऱ्याच्या उद्ध्वस्त होण्याची कथा म्हणून ती शिकवली जाते, आणि ती तशी आहेच. पण ती कथा सांगणारा मुलगा तेथे कोणत्या नात्याने बसलेला आहे, हा प्रश्न वर्गात क्वचितच निघतो. तो प्रेक्षक म्हणून आलेला नाही. बापाबरोबर माल विकायला आलेला तो एक हात आहे. घरच्या शेतीत राबणाऱ्या मुलाला आम्ही मजूर म्हणत नाही. कायद्यानेही १९८६ च्या अधिनियमात २०१६ मध्ये दुरुस्ती करताना शाळेच्या वेळेबाहेर कुटुंबाच्या व्यवसायाला मदत करण्याची सूट ठेवली. फडावरचे मूलही नेमके ‘मदत’च करते. ते धाकट्या भावंडाला सांभाळते, वाढे बांधते, मोळ्या गोळा करते. त्या मदतीने कोयता दोन टनांपर्यंत पोचतो आणि वहीत त्या मुलाचे नाव येत नाही.

अखेरीस गोरोबाकाकांविषयी, ज्यांच्या नावाच्या नगरीत ते संमेलन भरले. चिखल तुडवताना विठ्ठलनामात देहभान हरपले आणि रांगते मूल पायांखाली आले, ही कथा आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. तिचा भक्तिपर अर्थ नाकारण्याचा आमचा हेतू नाही. परंपरेने तिला तोच अर्थ दिला आहे आणि तो आदराने समजून घ्यायला हवा. परंतु मूल कामाच्या जागी का होते, हा प्रश्नही त्या कथेतच आहे. आई पाण्याला गेलेली, बाप कामात, मूल मोकळे. तेरपासून निघालेला ट्रॅक्टर ज्या फडावर जाऊन थांबतो तेथे पहाटेच्या अंधारात उसाच्या कडेला पाचटावर निजवलेली मुले आजही असतात आणि त्यांच्या शेजारून ट्रॉल्या मागेपुढे होत असतात. संतकथेत मूल परत मिळते. ज्यांना ती कथा शिकवायची आहे त्यांनी एवढा फरक सांगावा.

५

दोन आक्षेपांना उत्तर देणे आवश्यक आहे.

पहिला असा की उचल ही राजीखुशीची बोली आहे, तिला वेठबिगारी म्हणणे अतिशयोक्तीचे ठरेल. यावर सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्येच, दिल्लीतील आशियाई स्पर्धांच्या बांधकामावरील मजुरांच्या प्रकरणात, उत्तर दिलेले आहे. भूक आणि दारिद्र्य यांनी माणसापुढे दुसरा पर्याय ठेवला नाही तर तीही सक्तीच, आणि किमान वेतनाहून कमी मोबदल्यावर करून घेतलेले काम हे अनुच्छेद २३ च्या अर्थाने सक्तीचे श्रम, असे त्या निकालात म्हटले आहे. संमती कोणत्या परिस्थितीत दिली गेली हे तपासणे हे तर कादंबरीचे जुने काम आहे. ते न्यायालयाने करावे आणि समीक्षकाने टाळावे, हे उफराटे आहे.

दुसरा आक्षेप आम्हाला अधिक महत्त्वाचा वाटतो. ऊसतोड मजूर स्वतःला गुलाम म्हणवून घेत नाहीत. ते संप करतात, दर वाढवून घेतात. उचल घेऊन न जाणारेही आहेत आणि त्यापायी कर्जबाजारी झालेले मुकादम व वाहनमालकही आहेत. मुकादम बहुधा त्याच गावचा, अनेकदा त्याच जातीचा, आणि त्याच्याही डोक्यावर कोणाची तरी रक्कम असते. हे सर्व खरे आहे. म्हणूनच आम्ही दया मागत नाही. दयेने वाचले की मजूर बिचारा होतो आणि मुकादम खलनायक. मग कारखाना, साखरेचा बाजार आणि ती साखर विकत घेणाऱ्या मोठ्या कंपन्या पुस्तकाबाहेर राहतात. हिशेबाने वाचले तर साखळीतील प्रत्येक कडी दिसते आणि मजुराची लढण्याची ताकदही दिसते. शीतपेयांच्या जागतिक कंपन्यांपर्यंत महाराष्ट्राच्या साखरेचा माग २०२४ मध्ये ‘न्यूयॉर्क टाइम्स’च्या वार्ताहरांनी काढला. मराठी कथात्म साहित्याने तो माग आपल्या पद्धतीने काढण्यास कोणाचीही हरकत नव्हती.

मग करावे काय? पदव्युत्तर वर्गात फुल्यांची दोन्ही पुस्तके एकत्र शिकवावीत. ‘जेव्हा माणूस जागा होतो’, ‘उचल्या’ आणि ‘बलुतं’ ही प्रवाहांच्या कप्प्यांतून काढून श्रमाच्या प्रश्नाभोवती एका अभ्यासपत्रिकेत आणावीत, शेजारी प्रेमचंद आणि डग्लस अनुवादातून ठेवावेत. प्रत्येक पुस्तकाला कायद्यातील ते चार प्रश्न विचारावेत. मोबदला किती? दुसरे काम धरता येते काय? निघून जाता येते काय? भाव कोण ठरवतो? आणि पाचवा प्रश्न आमच्याकडून. वही कोणाच्या हातात आहे? ‘विदारक’, ‘दाहक’, ‘मातीचा गंध’ हे शब्द त्या तासापुरते वापरू नयेत. विद्यार्थ्यांना अडचण होईल, आम्हालाही झाली. पण ती दूर करायला फार दिवस लागत नाहीत.

या जिल्ह्यातील महाविद्यालयांच्या वर्गात हा हिशेब पुस्तकातून शिकण्याची गरज नसलेली मुले-मुली बसलेली असतात. दिवाळीच्या सुट्टीनंतर त्यांपैकी काहींच्या नावापुढे सलग ‘गैरहजर’ लिहिले जाते आणि सत्राच्या अखेरीस हजेरी कमी भरली म्हणून त्यांना परीक्षेपासून रोखावे की नाही याची चर्चा होते. हजेरीपट हीसुद्धा एक वहीच आहे आणि ती आमच्या हातात आहे. साहित्यातील वेठबिगारी वाचण्याचा प्रारंभ त्या वहीतील रिकाम्या रकान्यांपासून करता येईल. ते मूल आज कोठे आहे आणि कोणाच्या किती उचलीपोटी, हे विचारण्याचे काम तरी मराठीच्या शिक्षकाने दुसऱ्या कोणावर सोपवू नये.